पडद्याआड बसलेली विद्यार्थिनी

१६३६ साली नेदरलँड्समधल्या उट्रेख्त शहरात विद्यापीठ सुरू झालं. उद्घाटनासाठी लॅटिनमध्ये एक गौरवकाव्य हवं होतं, आणि ते लिहिण्याचं काम शहरातल्याच एका अठ्ठावीस वर्षांच्या बाईकडे आलं. तिचं नाव आना मारिया फान स्खुरमन. लॅटिन, ग्रीक, हिब्रू, अरबी अशा कितीतरी भाषा तिला येत होत्या. इथिओपियाच्या प्राचीन भाषेचं व्याकरणही तिने लिहिलं. तिने काव्य लिहून दिलं आणि त्यातच विचारून टाकलं, की विद्येच्या या नव्या घरात बायकांना जागा का नाही?

विद्यापीठात धर्मशास्त्र शिकवणारे प्राध्यापक फूशियस तिचे शेजारी होते. त्यांनी एक तोडगा काढला. व्याख्यानाच्या दालनात तिच्यासाठी एक बंदिस्त कप्पा केला. त्यात बसून तिला सगळं ऐकू यायचं. विद्यार्थ्यांना मात्र ती दिसायची नाही.

मुलींच्या शिक्षणाचा इतिहास वाचताना मी या कप्प्यापाशी पुन्हापुन्हा येऊन थांबते. बाईला बुद्धी असते का, हा प्रश्न निदान स्खुरमनच्या बाबतीत तरी कधीच निकालात निघाला होता. साऱ्या युरोपात तिच्या विद्वत्तेचं कौतुक चाललं होतं. घोडं अडलं होतं ते दुसरीकडेच. तिच्या मागोमाग आणखी मुली आल्या तर काय करायचं? एकटीसाठी कप्पा करून भागतं. शंभर जणींसाठी वर्ग बांधावा लागतो, शिक्षक नेमावे लागतात, पैसा उभा करावा लागतो आणि शिकून झाल्यावर त्यांनी करायचं काय, याचं उत्तरही द्यावं लागतं.

आपल्याकडे हा विषय निघाला की मन थेट १८४८ सालच्या पुण्यात जातं, ते साहजिकच आहे. पण त्याच्या कितीतरी आधीपासून युरोपात आणि युरोपाने जिंकलेल्या मुलखात काही बायका, आणि थोडे पुरुषही, एकच मागणी वेगवेगळ्या शब्दांत मांडत होते. ती मागणी ‘एखादी हुशार बाई’ इथून ‘सगळ्या मुलींसाठी शाळा’ इथपर्यंत कशी सरकत गेली, ते समजून घ्यायचं आहे.

तेव्हाची शाळा

आधी त्या काळातली शाळा डोळ्यांसमोर आणायला हवी. तेव्हाची मान असलेली शाळा म्हणजे लॅटिनची शाळा. मुलगा लहानपणीच तिथे जायचा, वर्षानुवर्षं लॅटिन घोकायचा आणि त्या बळावर पुढे विद्यापीठात जाऊन पाद्री, वकील किंवा वैद्य व्हायचा. धर्मशास्त्र, कायदा, वैद्यक, सगळं लॅटिनमध्ये. मुलीला यातलं एकही पद मिळणार नव्हतं, मग तिला लॅटिन शिकवून उपयोग काय, असा सरळ हिशेब होता. पद मिळणार नाही म्हणून शिकवायचं नाही, आणि शिकलेली नाही म्हणून पद द्यायचं नाही. हे चक्र तोडायचं तर कुठून तरी सुरुवात करायला हवी होती, आणि मागणी करणाऱ्यांनी ती शिक्षणापासून केली.

आणखी एक गोष्ट आज सहसा लक्षात येत नाही. तेव्हा वाचणं आणि लिहिणं एकत्र शिकवत नसत. आधी वाचन, कारण धर्मग्रंथ वाचता यायला हवा. ते पक्कं झालं की मग पिसाची लेखणी, शाई, कागद, म्हणजे जास्तीचा खर्च. पुष्कळ मुलींना त्या टप्प्याआधीच शाळेतून काढून घरकामाला लावत. छापलेलं पान त्यांना वाचता यायचं, स्वतःचं नाव मात्र लिहिता यायचं नाही. इतिहासकार जुन्या विवाहनोंदींतल्या सह्या मोजून साक्षरतेचा अंदाज बांधतात, तेव्हा सहीऐवजी फुलीची खूण करणाऱ्या या बायका निरक्षरांतच मोजल्या जातात.

ख्रिस्ती धर्मसुधारक मार्टिन ल्यूथरने १५२४ मध्ये जर्मन शहरांच्या कारभाऱ्यांना शाळा काढण्याचं आवाहन केलं, त्यात मुलींचाही विचार होता. मुलांनी दिवसातून एक-दोन तास शाळेत घालवावेत आणि मुलीलाही एखादा तास सवड काढता येईल, असं त्याने लिहिलं. एक तास. उरलेला दिवस घरकामाचा. त्या काळाच्या मानाने हीसुद्धा मोठी गोष्ट होती, हे मान्य करायला हवं.

चरखा की पुस्तक

ल्यूथरच्याही शंभराहून अधिक वर्षं आधी हा विषय लेखणीने मांडणारी बाई म्हणजे क्रिस्तीन द पिझां. जन्म व्हेनिसचा, वाढली फ्रान्समध्ये, कारण वडील तिथल्या राजाच्या दरबारी ज्योतिषी होते. पंधराव्या वर्षी लग्न झालं. पंचविशीत नवरा साथीत गेला. पदरात तीन मुलं, शिवाय आईची जबाबदारी, आणि नवऱ्याचे थकलेले पैसे मिळवण्यासाठी वर्षानुवर्षं कोर्टाच्या पायऱ्या. दुसरी कुणी पुन्हा लग्न करून मोकळी झाली असती. क्रिस्तीनने लिहायला घेतलं, आणि त्या लिहिण्यावर घर चालवलं.

१४०५ मध्ये तिने बायकांच्या एका काल्पनिक नगरीचा ग्रंथ लिहिला. त्यातला मुद्दा इतका साधा आहे, की तो सहाशे वर्षांपूर्वीचा वाटत नाही. मुलांना पाठवतात तसं मुलींनाही शाळेत पाठवायची रीत असती आणि तीच शास्त्रं त्यांना शिकवली असती, तर त्याही तितक्याच नीट शिकल्या असत्या. बायकांना कमी कळतं असं दिसतं, कारण त्या घरात अडकून पडतात आणि त्यांना फार काही बघायलाच मिळत नाही. म्हणजे दोष बुद्धीचा नाही, रिवाजाचा. स्वतःचा अनुभवही तिने त्यात आणला आहे. वडिलांना तिच्या शिकण्याचा आनंद होता, आईचं मात्र म्हणणं, की मुलीने सूत कातावं. आईच्या हट्टामुळे तिचं शिक्षण पुढे जाऊ शकलं नाही, असं ती नोंदवते. आईला वाईट ठरवून मोकळं व्हावं असं मला वाटत नाही. मुलीला ज्या जगात राहायचं आहे, त्या जगात काय चालतं हे आई बघत होती.

त्याच ग्रंथात नोवेला नावाच्या मुलीची गोष्ट येते. ती इटलीतल्या बोलोन्याच्या, कायदा शिकवणाऱ्या एका नामांकित प्राध्यापकाची लेक. वडिलांना सवड नसली, की ते तिला आपल्या जागी व्याख्यान द्यायला पाठवत. तिच्या रूपाकडे बघून विद्यार्थ्यांचं लक्ष विचलित होऊ नये म्हणून तिच्यापुढे एक छोटा पडदा लावलेला असे. पुस्तकात शिकवणारी पडद्याआड, आणि दोनशे तीस वर्षांनी उट्रेख्तमध्ये शिकणारी पडद्याआड.

‘तुमच्यासारख्या थोड्याच’

स्खुरमनने त्या कप्प्यात बसून काय शिकलं हे १६४१ साली दिसलं. ख्रिस्ती स्त्रीने विद्याभ्यास करणं योग्य आहे का, या प्रश्नावर तिने लॅटिनमध्ये प्रबंध छापला. त्याची पद्धत विद्यापीठातल्या तर्कशास्त्राची: एक सर्वमान्य विधान, मग दुसरं, मग त्या दोहोंतून निघणारा निष्कर्ष. उदाहरणार्थ, ज्याला निसर्गतःच ज्ञानाची ओढ असते, त्याला ज्ञान शोभतं. स्त्रीला निसर्गतःच ज्ञानाची ओढ असते. म्हणून स्त्रीला ज्ञान शोभतं. माणसाला जात्याच जाणून घ्यायची इच्छा असते, हे ॲरिस्टॉटलचं वाक्य विरोधकांना तोंडपाठ होतं. त्यांच्याच हत्याराने तिने त्यांना अडवलं.

पण तिनेही मागणीला मर्यादा घातल्या. शिकावं ते जिला सवड आहे, थोडी ऐपत आहे, घरच्या कामातून मोकळीक आहे तिने. आणि शिकून सार्वजनिक पदं मागायची नाहीत. धर्मपंडित आंद्रे रिव्हे यांच्याशी तिचा पत्रव्यवहार झाला, त्यात तेही तिचं भरभरून कौतुक करतात आणि सुचवतात ते हेच, की तुमच्यासारख्या थोड्या असणं ठीक, सरसकट सगळ्यांसाठी हे नको. कौतुक करता करता दार लावून घेण्याची ही तऱ्हा पुढेही पुष्कळदा दिसते. १६७८ मध्ये इटलीतल्या पादुआ विद्यापीठाने एलेना कोर्नारो पिस्कोपिया हिला तत्त्वज्ञानाची डॉक्टरेट दिली. तिला धर्मशास्त्राची हवी होती, बिशपने ती नाकारली. परीक्षेला गर्दी एवढी लोटली, की ती थेट कॅथीड्रलमध्ये घ्यावी लागली. पुढचं नाव सापडतं ते बोलोन्यात लॉरा बास्सीचं, १७३२ साली, म्हणजे चोपन्न वर्षांनी.

अपवादाची वाट न बघता सरळ शाळा काढणारीही एक होती. यॉर्कशायरची मेरी वॉर्ड. इंग्लंडमध्ये कॅथलिकांना जाच होता, म्हणून तिने १६०९ मध्ये समुद्रापलीकडे सेंट-ओमेर इथे सख्यांसह काम सुरू केलं, आणि वीस वर्षांत लिएज, कोलोन, रोम, नेपल्स, म्युनिक, व्हिएन्ना अशा शहरांत मुलींना शिकवणारी घरं उभी राहिली. तिच्या शाळांत काय शिकवतात यापेक्षा शिकवणाऱ्या जोगिणी मठाच्या भिंतीआड न राहता मोकळ्या फिरतात, याचा चर्चला जास्त राग होता. १६३१ मध्ये पोपच्या आदेशाने संस्था मोडण्यात आली आणि मेरीला म्युनिकच्या एका मठात कोंडून ठेवलं. तिथून तिने बाहेरच्या सख्यांना पत्रं पाठवली ती लिंबाच्या रसाने लिहून. सामान गुंडाळलेला कागद बाहेर जायचा, तो शेकला की अक्षरं उमटायची. कोंडलेल्या बाईने शाळा वाचवण्यासाठी शाईवाचून केलेली ही धडपड वाचली, की अंगावर काटा येतो. भारतातल्या लोरेटो शाळा याच मेरी वॉर्डच्या परंपरेतल्या आहेत.

स्वयंपाकघरातलं तत्त्वज्ञान

या सगळ्यांत माझी सर्वांत लाडकी मेक्सिकोची सोर हुआना इनेस दे ला क्रूझ. सोर म्हणजे भगिनी, ती जोगीण होती. मेक्सिको तेव्हा स्पेनच्या ताब्यात होता. तिसऱ्या वर्षी मोठ्या बहिणीच्या मागे मागे शिकवणीला जाऊन, ‘मलाही शिकवा, आईने सांगितलंय’ असं शिक्षिकेला खोटंच सांगून ती वाचायला शिकली. चीज खाल्ल्याने बुद्धी मंद होते असं कुठेतरी कानावर आलं, तर आवडतं चीज सोडलं. मेक्सिको शहरात विद्यापीठ आहे हे कळलं तेव्हा आईच्या मागे लागली, मला मुलाचे कपडे घालून तिथे पाठव. ते जमलं नाही, मग आजोबांची पुस्तकं वाचून काढली. लॅटिन शिकताना तिने स्वतःसाठी नियम केला: केस थोडे कापायचे आणि ते पुन्हा वाढेपर्यंत अमुक इतकं शिकून झालंच पाहिजे. केस भरभर वाढायचे, अभ्यास मागे पडायचा, की पुन्हा कात्री. ज्या डोक्यात ज्ञान नाही त्याला केसांचा शृंगार कशाला, असं ती म्हणते.

लग्न करायचं नव्हतं, शिकायचं होतं, म्हणून ती मठात गेली. तिथल्या खोलीत तिने ग्रंथ जमवले, कविता आणि नाटकं लिहिली. १६९० मध्ये तिने एका गाजलेल्या प्रवचनावर केलेली टीका पुएब्ला शहराच्या बिशपने तिला न विचारता छापली, आणि सोबत एक पत्र जोडलं, एका जोगिणीच्या खोट्या नावाने. त्यात उपदेश होता, की ऐहिक विषयांचा अभ्यास पुरे, आता धर्माकडे लक्ष द्या. हुआनाने १६९१ च्या मार्चमध्ये त्याला लांबलचक उत्तर लिहिलं. वरवर नम्र, आतून पोलादी.

ती सांगते, एकदा मठाच्या प्रमुख बाईंनी अभ्यास करायला बंदी केली. ती जवळपास तीन महिने टिकली. पुस्तक हातात घेतलं नाही, पण न शिकणं काही जमलं नाही, कारण देवाने निर्माण केलेल्या प्रत्येक वस्तूत तिला अक्षरं दिसू लागली. फिरणाऱ्या भोवऱ्याकडे बघून ती खाली पीठ पसरायला सांगते, म्हणजे त्याच्या वाटेची रेघ उमटेल. स्वयंपाकघरात तिला दिसतं, की अंडं लोण्यात किंवा तेलात घातलं तर एकसंध राहतं आणि पाकात घातलं तर फुटून पसरतं. आणि ती लिहिते, की ॲरिस्टॉटलने स्वयंपाक केला असता तर त्याने याहून कितीतरी जास्त लिहिलं असतं.

हे वाक्य आज सगळीकडे उद्धृत होतं. त्याच पत्रातला त्याहून कामाचा मुद्दा मात्र मागे पडतो. ती म्हणते, आईबाप मुलींना शिकवत नाहीत याचं एक कारण म्हणजे पुरुष शिक्षक घरी बोलवायची भीती. यावर उपाय एकच. वयाने मोठ्या, शिकलेल्या बायकांनी मुलींना शिकवावं. शिकलेली बाई ही अजून शिकायच्या असलेल्या दहा मुलींची शिक्षिका होऊ शकते, म्हणजेच तिला एकटं, कौतुकाची वस्तू म्हणून ठेवणं हे नुकसान आहे. इथे अपवादातून शाळेकडे जाणारी पायवाट मला स्पष्ट दिसते. १६९५ मध्ये मठात साथ आली. आजारी भगिनींची सेवा करता करता हुआना गेली. ते पत्र १७०० साली छापलं गेलं.

शिकून कोणाचं भलं?

सतराव्या शतकाच्या शेवटी या मागणीला बराच जोर आला. १६७३ मध्ये फ्रान्समध्ये पूलँ द ला बार याने लिहिलं, की मनाला लिंग नसतं. तत्त्वज्ञ देकार्तने मन आणि शरीर वेगळं केलं होतं, त्याचाच हा पुढचा धागा: फरक शरीरात असेल, विचार करणाऱ्या मनात नाही. पुरुषांनी बायकांबद्दल जे लिहिलंय त्यावर विश्वास ठेवू नका, कारण या खटल्यात ते स्वतःच वादी आणि स्वतःच न्यायाधीश आहेत, असंही त्याने बजावलं. त्याच वर्षी इंग्लंडमध्ये बाथशुआ मेकिनने आपल्या निबंधात मुलींच्या शाळेचा आराखडा दिला, अगदी फीसकट. लंडनजवळ टॉटनमला शाळा, वर्षाला २० पौंड, अर्धा वेळ नाच, गाणं, हिशेब अशा नेहमीच्या गोष्टींना आणि अर्धा वेळ लॅटिन, फ्रेंच वगैरे भाषांना. स्खुरमनशी तिचा पत्रव्यवहार होता. राजकन्येची शिक्षिका राहिलेली ही बाई. तरीही निबंध तिने पुरुषाच्या आवाजात लिहिला, म्हणजे लोक निदान वाचतील.

१६९४ मध्ये मेरी ॲस्टेल या कोळशाच्या व्यापाऱ्याच्या मुलीने बायकांना एकत्र राहून शिकता येईल अशा संस्थेची कल्पना मांडली. ती कॅथलिक मठासारखी वाटते म्हणून लोक बिचकले, आणि संस्था झाली नाही. तीन वर्षांनी डॅनियल डिफोनेही बायकांच्या विद्यालयाचा आराखडा छापला. हेतू चांगला होता. पण बांधकाम कसं असावं? त्रिकोणी वास्तू, भिंतीने वेढलेली बाग, भोवती खंदक आणि आत जायला एकच दार.

या सगळ्या आराखड्यांमागे एक प्रश्न सतत उभा होता: मुलगी शिकली तर भलं कोणाचं? उत्तर जसं, तसा अभ्यासक्रम. आत्म्याचं भलं म्हटलं, की वाचन पुरे, लेखन नको. घराचं भलं म्हटलं, की हिशेब आणि नोकरांवर देखरेख. फ्रान्समध्ये १६८६ साली सें-सीर इथे गरीब सरदारांच्या २५० मुलींसाठी राजाश्रयाने शाळा निघाली, ती याच वळणाची. नवऱ्याचं भलं म्हटलं, की विचारवंत रूसो. १७६२ मध्ये त्याने मुलाच्या स्वतंत्र, मोकळ्या वाढीवर शेकडो पानं लिहिली आणि मुलीकडे आल्यावर म्हणाला, की बाईचं सगळं शिक्षण पुरुषाच्या संदर्भात असलं पाहिजे.

फ्रेंच राज्यक्रांतीनंतर तिथला राजकारणी तालेराँ याने १७९१ मध्ये राष्ट्रीय शिक्षणाचा अहवाल मांडला, त्यात मुलींना सरकारी शाळा फक्त आठव्या वर्षापर्यंत. त्यावर इंग्रज लेखिका मेरी वुल्स्टनक्राफ्टने पुढच्या वर्षी स्त्रियांच्या हक्कांवरचं आपलं पुस्तक लिहिलं आणि ते तालेराँलाच अर्पण केलं. ती हवेत बोलत नव्हती. बहिणींबरोबर तिने स्वतः शाळा चालवली होती, आयर्लंडमध्ये एका श्रीमंत घरी मुलींची शिक्षिका म्हणून नोकरी केली होती. चांगली आई होण्यासाठी बाईने शिकावं, हा नेहमीचा मुद्दा तीही वापरते. पण तिथे थांबत नाही. बाई ही आधी विचार करणारी माणूस आहे, आणि माणूस म्हणून स्वतःच्या बुद्धीने चालणं हा तिचा हक्क आहे, हे तिचं मूळ म्हणणं.

त्या पुस्तकातली तिची शाळा बघण्यासारखी आहे. पाच ते नऊ वर्षांच्या मुलामुलींसाठी सरकारी, फुकट दिवसशाळा. गरीब-श्रीमंत एकत्र. सगळ्यांना एकसारखे कपडे. शाळेभोवती मोठं मैदान आणि एका तासापेक्षा जास्त वेळ एका जागी बसवून ठेवायचं नाही. पडदा नाही, कप्पा नाही, खंदक नाही. मुलगा आणि मुलगी एका मैदानात धावतायत. नवव्या वर्षानंतर मात्र तीही वाटा वेगळ्या करते: कामधंदा करायचा असलेल्यांनी सकाळी एकत्र शिकावं, आणि दुपारी मुलींनी शिवणकाम. ती १७९७ मध्ये गेली, तेव्हा अशी एकही शाळा कुठे उभी नव्हती.

त्यानंतर सत्तरेक वर्षांनी, १८६९ मध्ये, इंग्लंडमध्ये एमिली डेव्हिस आणि तिच्या सहकाऱ्यांनी मुलींसाठी महाविद्यालय सुरू केलं, पाच विद्यार्थिनी घेऊन. शिक्षण केंब्रिजचं, पण महाविद्यालय केंब्रिजमध्ये नाही. सुमारे चाळीस किलोमीटरवरच्या हिचिन गावात, आणि केंब्रिजचे शिक्षक आगगाडीने यायचे. चार वर्षांनी ते केंब्रिजजवळ आलं, तेही शहराबाहेरच्या गर्टन गावात. १८८१ पासून मुलींना केंब्रिजच्या परीक्षांना रीतसर बसता येऊ लागलं. पूर्ण पदवी मिळाली १९४८ साली.